हा व्यवहार माझा नाही, असं म्हणण्याआधी

कार्डाच्या स्टेटमेंटवर दुकानाच्या पाटीवरचं नाव छापलेलं असेलच असं नाही. पैसे ज्याच्या खात्यात गेले, त्याचं नाव असतं. पाटीवरचं नाव आणि खात्यावरचं नाव एकच असणार असं आपण धरून चालतो आणि मग अधूनमधून पोटात गोळा येतो.

मी एका बँकेच्या कार्ड विभागात तक्रारींच्या टेबलावर बरीच वर्षं काढली. नोकरी संपली, पण टेबल काही सुटलं नाही. नात्यातले, ओळखीतले आणि ओळखीतल्यांच्या ओळखीतले अजूनही स्क्रीनशॉट पाठवतात. खाली फक्त ‘हे काय आहे गं?’ एवढंच. चित्रात एक रक्कम असते, एक तारीख असते आणि मधे इंग्रजी कॅपिटल अक्षरांची अशी माळ असते की वाचणाऱ्याला वाटावं, कोणीतरी कीबोर्डवर हात टेकून झोपी गेलंय.

ती माळ तशी का असते, हे एकदा कळलं की निम्मी भीती जाते. कार्डाचा व्यवहार होतो तेव्हा दुकानाचं यंत्र, त्या दुकानाची बँक, कार्डाचं नेटवर्क (व्हिसा, मास्टरकार्ड वगैरे) आणि तुमची बँक यांच्यात निरोपांची देवाणघेवाण होते. या निरोपांचा साचा आयएसओ ८५८३ या मानकाने ठरलेला आहे आणि हे मानक १९८७ सालचं आहे. त्यात दुकानाचं नाव आणि ठिकाण यांसाठी मिळून जागा आहे ४० अक्षरांची. नाव, शहर, देश, सगळं त्यातच कोंबायचं. लांबलचक नावाची शेपटी कापली जाते, स्वर गळतात. त्यात नाव कोणतं भरायचं हे दुकानदाराने मशीन घेताना ठरवलेलं असतं. बहुतेकदा तो फॉर्मवर आपल्या नोंदणीकृत पेढीचं नाव लिहून मोकळा होतो आणि पुढे पाटी तीनदा बदलली तरी तो फॉर्म कोणी उघडत नाही.

आमच्या वन्संचा फोन आला होता तो याच कारणाने. आवाज चढलेला. “अगं, या नावाच्या कंपनीचं मी तोंडसुद्धा पाहिलेलं नाही. कुठली तरी ट्रेडिंग कंपनी आहे. कार्ड बंद करून टाकू का?”

“थांबा वन्सं, तारीख काय आहे?”

“सोमवार. आणि सोमवारी मी घराबाहेर पाऊल टाकलेलं नाही, सांगून ठेवते.”

“आणि शनिवारी?”

शनिवारी त्या चष्म्याची नवी काच बसवायला गेल्या होत्या. रक्कम विचारली तर जुळत नव्हती, कारण त्यांच्या डोक्यात सगळ्या चष्म्याची किंमत होती आणि आगाऊ रक्कम आधीच रोख दिलेली होती. पावती शोधायला लावली. कपाटातून पर्स, पर्समधून चष्म्याचं घर, चष्म्याच्या घरातून घडी घातलेली पावती. वर ठळक अक्षरांत दुकानाचं झोकदार नाव आणि तळाशी, मुंगीच्या पावलाएवढ्या अक्षरांत, त्याच ट्रेडिंग कंपनीचं नाव. मालकाच्या वडिलांनी काढलेली पेढी. वन्सं म्हणाल्या, “मग वर तेच नाव लिहायला काय झालं होतं मेल्यांना?” याला माझ्याकडे उत्तर नाही.

तर पहिली गोष्ट म्हणजे पावतीचा तळ वाचा. ऑनलाइन खरेदी असेल तर ईमेलच्या अगदी खाली, करक्रमांकाच्या आसपास, विकणाऱ्याचं कायदेशीर नाव असतं. क्यूआर कोडने पैसे दिले असतील तर तिथे मालकाचं, कधी मालकाच्या भावाचं वैयक्तिक नाव निघतं.

दुसरी गोष्ट तारखेची. स्टेटमेंटवर दोन तारखा असू शकतात. एक व्यवहाराची, दुसरी तो खात्यात पक्का नोंदला गेल्याची. बऱ्याच ॲपमध्ये दुसरीच समोर दिसते. मधे शनिवार-रविवार किंवा सुट्टी आली तर दोन्हींत चांगलं अंतर पडतं. शिवाय ऑनलाइन विक्रेते अनेकदा माल पाठवतात त्या दिवशी पैसे घेतात, ऑर्डर दिली त्या दिवशी नाही. म्हणून ‘त्या दिवशी मी काहीच घेतलं नाही’ हा पुरावा होत नाही. आठवडाभर मागे जाऊन बघावं.

तिसरी खूण म्हणजे नावात मधेच येणारी चांदणी (*). पैसे थेट दुकानाला न जाता मधल्या एखाद्या कंपनीमार्फत गेले असतील, तर आधी त्या कंपनीची खूण, मग चांदणी, मग खऱ्या विक्रेत्याचं नाव अशी रचना असते. ‘पेपाल’ नंतर चांदणी हे सगळ्यांना ओळखू येतं. ‘एसक्यू’ आणि चांदणी दिसली तर छोट्या दुकानदाराकडचं स्क्वेअर या कंपनीचं कार्डाचं यंत्र. ‘टीएसटी’ म्हणजे टोस्ट, ही उपाहारगृहांना यंत्रणा पुरवणारी कंपनी. ‘एसपी’ असेल तर शॉपिफाय या ऑनलाइन दुकानांच्या सेवेवर थाटलेलं दुकान. लोक चांदणीच्या आधीचं नाव शोधत बसतात. वाचायचं चांदणीनंतरचं.

शहरावर तर अजिबात विसंबू नका. शहर हे विक्रेत्याच्या मुख्य कार्यालयाचं असू शकतं किंवा तो ज्या देशातल्या कंपनीमार्फत पैसे गोळा करतो तिथलं. आयर्लंड, लक्झेंबर्ग, नेदरलँड्स ही नावं स्टेटमेंटवर सारखी दिसतात, कारण मोठ्या डिजिटल कंपन्यांच्या उपकंपन्या तिथे आहेत. परदेशी शहर दिसलं म्हणून घोटाळा, असं समीकरण मांडू नका. उलट आपल्याच गावाचं नाव दिसलं म्हणून निर्धास्तही होऊ नका.

आणि एक खूण अशी आहे जी स्टेटमेंटवर बहुधा छापलेली नसते, पण बँकेकडे असते. प्रत्येक व्यापाऱ्याला त्याच्या धंद्याप्रमाणे चार आकडी कोड दिलेला असतो, त्याला मर्चंट कॅटेगरी कोड म्हणतात. ५४११ म्हणजे किराणा आणि सुपरमार्केट, ५८१२ म्हणजे उपाहारगृह, ५९१२ म्हणजे औषधांचं दुकान. नाव कितीही अगम्य असो, कोड ५९१२ आहे असं कळलं की डोक्यात लगेच दिवा लागतो. आणि ५९६८ निघाला तर समजायचं, दर महिन्याला पैसे घेणारं सबस्क्रिप्शनवालं प्रकरण आहे. कस्टमर केअरला फोन केलात तर ‘हा व्यवहार कोणाचा’ असं मोघम विचारू नका. तिथल्या मुलालाही तीच माळ दिसत असते. ‘या व्यवहाराचा मर्चंट कॅटेगरी कोड सांगा, आणि व्यवहार कार्ड मशीनवर झाला की ऑनलाइन, ते सांगा’ असं विचारा. ही दोन उत्तरं मिळाली की शोध एकदम आवाक्यात येतो.

रकमेचाही घोळ असतो. तीन वस्तू एकत्र मागवल्या आणि त्या वेगवेगळ्या गोदामांतून निघाल्या, तर एका ऑर्डरचे तीन तुकडे होतात आणि त्यातला एकही तुकडा बिलाशी जुळत नाही. परकीय चलनात खरेदी असेल तर दर पक्का होतो व्यवहार मिटतो तेव्हा, आणि बँकेचं शुल्क कधी त्यातच मिसळलेलं तर कधी वेगळ्या ओळीत असतं. हॉटेल आणि भाड्याची गाडी यांचा आणखी निराळा प्रकार. ते आधी अंदाजे रक्कम अडकवून ठेवतात. ते पैसे ‘पेंडिंग’ दिसतात, म्हणजे कापलेले नसतात, पण वापरताही येत नाहीत. नंतर खरं बिल लागतं आणि काही दिवस दोन्ही ओळी शेजारी शेजारी नांदतात. लोक घाबरून ‘दोनदा पैसे कापले’ अशी तक्रार करतात. पेंडिंग ओळीवर सहसा तक्रार घेतलीच जात नाही, कारण ती अजून व्यवहार झालेली नसते. अडकवलेली रक्कम आपोआप सुटते. नाही सुटली, किंवा दोन्ही ओळी पक्क्या झाल्या, तर मात्र बोला.

घरातल्या घरात विचारायचं, हे सांगायला संकोच वाटतो, पण टेबलावर आलेल्या तक्रारींत याचा वाटा फार मोठा होता. पुरवणी कार्ड नवऱ्याकडे, फोन मुलाकडे, गेममधली ‘नाणी’ मुलाने घेतलेली. एक आजोबा पोलिसांत जाण्याची भाषा करत होते. नातू शेजारी बसून चपलेच्या अंगठ्याने फरशी कुरतडत होता. मी काही बोलले नाही, फक्त फॉर्म त्या नातवाकडे सरकवला आणि म्हटलं, “आजोबांना नीट दिसत नाही, तू वाचून दाखव बरं कशाचे पैसे आहेत ते.” फॉर्म भरायची वेळच आली नाही.

मोफत चाचणीचं प्रकरणही याच कुळातलं. सात दिवस फुकट, म्हणून कार्डाचा नंबर दिला. आठव्या दिवसापासून मीटर सुरू. वर्षाच्या वर्गणीचं नूतनीकरण तर आणखी चकवतं. महिन्याला येणारी रक्कम निदान ओळखीची होते. वर्षाने एकदा उगवणाऱ्याला कोण ओळखणार? ईमेलमध्ये नावाने शोधू नका, रकमेने शोधा. पैशांसकट नेमका आकडा टाकला की बहुतेक वेळा मागच्या वर्षीची पावती वर येते.

आता मला खरं सांगायचंय ते.

‘हा व्यवहार मला ओळखू येत नाही’, ‘हा व्यवहार मी केलेला नाही’ आणि ‘हा व्यवहार मी केला, पण यात गडबड आहे’ ही तीन वेगवेगळी विधानं आहेत. पहिलं विधान म्हणजे तक्रार नव्हे, चौकशी. दुसरं म्हणजे फसवणुकीची तक्रार. तिसरं म्हणजे विक्रेत्याशी वाद. बँकेच्या फॉर्मवर या तीन निरनिराळ्या चौकटी असतात आणि चुकीच्या चौकटीत खूण केली की खरी तक्रारही हरते. हे मी इतक्यांदा पाहिलंय की आता कोणी सल्ला विचारला तर पहिला प्रश्न हाच विचारते, चौकट कोणती भरलीस?

एका गृहस्थांनी ऑनलाइन अभ्यासक्रम घेतला होता. जाहिरातीत लिहिलेल्यापैकी निम्मं त्यात नव्हतंच. परतावा मागितला, विक्रेत्याने टोलवलं. यांनी चिडून बँकेत ‘मी हा व्यवहार केलेला नाही’ असं लिहून दिलं. कोणीतरी सांगितलं होतं म्हणे, फसवणूक लिहिलं की पैसे लवकर मिळतात. विक्रेत्याने काय केलं? यांच्या ईमेलवर गेलेली पावती, यांच्या नावाचं लॉगिन, कोणता धडा कोणत्या तारखेला उघडला त्याची यादी, सगळं बँकेला पाठवून दिलं. खेळ खलास. ‘वर्णनाप्रमाणे सेवा मिळाली नाही’ या चौकटीत जाहिरातीचा स्क्रीनशॉट जोडून तीच तक्रार केली असती, तर विक्रेत्याला उत्तर देणं जड गेलं असतं. बाजू खरी होती, कागद खोटा होता.

पडद्यामागे या चौकटींना कोड असतात. व्हिसाच्या पद्धतीत कार्ड समोर नसताना झालेली फसवणूक म्हणजे १०.४, वस्तू किंवा सेवा मिळालीच नाही तर १३.१, रद्द केलेल्या सबस्क्रिप्शनचे पैसे कापले तर १३.२, वस्तू वर्णनाप्रमाणे नाही तर १३.३. मास्टरकार्डमध्ये फसवणुकीला ४८३७ आणि विक्रेत्याशी असलेल्या बहुतेक वादांना ४८५३. प्रत्येक कोडाला कोणता पुरावा लागतो ते ठरलेलं आहे आणि विक्रेत्याची बँक त्या कोडापुरतंच उत्तर देते. कोड पाठ करायची गरज नाही. पण तुमची गोष्ट कोणत्या कप्प्यात जाणार आहे याचं भान ठेवून लिहिलं तर पुढचं काम सोपं होतं.

फसवणुकीची चौकट भरली की आणखी एक होतं, जे लोकांच्या लक्षात येत नाही. कार्ड ताबडतोब बंद होतं. त्या कार्डावर लावलेली विजेची, फोनची, विम्याची ऑटोपे एकेक करून नापास होऊ लागतात. खरंच फसवणूक असेल तर तो त्रास सोसायलाच हवा. पण घेतलेल्या सदऱ्याचा रंग विटला म्हणून फसवणूक लिहून तो त्रास ओढवून घेण्यात काय हशील?

विक्रेत्याच्या बाजूनेही एक शब्द बोलते, माझ्या जुन्या टेबलाला स्मरून. चार्जबॅक आला, म्हणजे तक्रारीवरून बँकेने पैसे उलटे फिरवले, की विक्रेत्याची रक्कम तर जातेच, वर बहुतेकदा शुल्कही बसतं, आणि चार्जबॅकचं प्रमाण वाढलं तर नेटवर्क त्याच्यावर नजर ठेवतात. त्यामुळे खोट्या तक्रारी करणाऱ्या गिऱ्हाइकाचं खातं कायमचं बंद करणारे विक्रेते आहेत. छोट्या दुकानदाराला तर एक फोन केला तरी तो दोन मिनिटांत व्यवहार उलटवतो. आधी त्याला विचारावं, लेखी विचारावं आणि उत्तर जपून ठेवावं. बँकही पहिला प्रश्न तोच विचारते, विक्रेत्याशी बोललात का?

खऱ्या फसवणुकीत मात्र हा सगळा क्रम उलटा करायचा. तिथे आधी कार्ड बंद, मग शोध. चोरलेले कार्डक्रमांक चालतात का हे तपासायला चोर आधी क्षुल्लक रक्कम कापून बघतात. कोणाच्या नजरेत येऊ नये एवढी लहान. ती पचली की मोठी. म्हणून अनोळखी नावाची अगदी किरकोळ ओळ दिसली आणि वर सांगितलेल्या कुठल्याच खुणेने तिचा पत्ता लागला नाही, तर ‘एवढ्याशाला काय तक्रार करायची’ म्हणून सोडू नका. मोठ्या रकमेपेक्षा तीच जास्त बोलते. एक अपवाद आहे. काही कंपन्या कार्ड जोडताना ते चालू आहे ना हे पाहायला किरकोळ रक्कम घेऊन लगेच परत करतात. तुम्ही त्याच दिवशी कुठे कार्ड जोडलं असेल तर ते तेच.

फोन कुठे करायचा, तर कार्डाच्या पाठीवर छापलेल्या नंबरवर किंवा बँकेच्या ॲपमधून. इंटरनेटवर ‘अमुक बँक हेल्पलाइन’ असं शोधून पहिला दिसेल तो नंबर फिरवायचा नाही, तिथे भामट्यांनी पेरलेले नंबर असतात. आणि पैसे परत यायला ओटीपी लागत नाही, पिन लागत नाही, फोनची स्क्रीन कोणाला दाखवावी लागत नाही. हे मागणारा माणूस तुमचे उरलेले पैसे न्यायला आलेला आहे.

वेळेचं गणित देशागणिक वेगळं आहे, पण उशीर महागात पडतो हे सगळीकडे सारखं. रिझर्व्ह बँकेने ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकात ठरवलं की चूक ग्राहकाची नाही, बँकेचीही नाही, मधल्याच कुठेतरी झाली असेल, तर बँकेकडून सूचना आल्यापासून तीन कामकाजाच्या दिवसांत कळवल्यास ग्राहकावर शून्य जबाबदारी. चार ते सात कामकाजाच्या दिवसांत कळवलं तर ठरावीक मर्यादेपर्यंतची. त्यापुढे बँकेचं धोरण काय सांगेल ते. कळवल्यापासून दहा कामकाजाच्या दिवसांत बँकेने रक्कम तात्पुरती खात्यात जमा करायची, तक्रार ९० दिवसांत निकाली काढायची, आणि जबाबदारी ग्राहकाची आहे हे सिद्ध करण्याचं ओझं बँकेवर. अमेरिकेत क्रेडिट कार्डासाठी १९७४ चा फेअर क्रेडिट बिलिंग ॲक्ट आहे, ज्यात चूक दाखवणारं स्टेटमेंट पाठवल्यापासून ६० दिवसांत लेखी कळवायचं. डेबिट कार्डाला तिथे वेगळा कायदा आहे आणि तो जास्त कडक. कार्ड हरवल्याचं कळल्यापासून दोन कामकाजाच्या दिवसांत सांगितलं तर तोटा ५० डॉलरपर्यंत, उशीर केला तर ५०० पर्यंत, आणि स्टेटमेंटनंतरचे ६० दिवसही उलटले तर पुढच्या नुकसानीला मर्यादाच नाही. युरोपीय संघात अनधिकृत व्यवहारासाठी १३ महिन्यांपर्यंत मुदत आहे. ब्रिटनमध्ये १९७४ च्या ग्राहक पतकायद्याचं ७५ वं कलम १०० पौंडांच्या वरच्या आणि ३०,००० पौंडांपर्यंतच्या क्रेडिट कार्ड खरेदीत कार्ड देणाऱ्या बँकेलाच विक्रेत्याइतकं जबाबदार धरतं. हे कायद्यांचं झालं. व्हिसा आणि मास्टरकार्डचे स्वतःचे नियम वेगळे, त्यात बहुतेक प्रकारांना १२० दिवस असतात. कायद्याची मुदत गेली म्हणून हात टेकणाऱ्यांना ही दुसरी वाट ठाऊकच नसते.

तक्रार लिहिताना लोक कादंबरी लिहितात. आपण या बँकेचे किती जुने ग्राहक आहोत, मनःस्ताप किती झाला, शेजाऱ्यांच्या बँकेत असं कसं होत नाही. वाचणाऱ्यापुढे तशा तक्रारींची चळत असते. मी पाहिलेली सगळ्यात चांगली तक्रार साधारण अशी होती: ‘माझ्या कार्डावर (शेवटचे चार आकडे) अमुक तारखेला अमुक रक्कम, अमुक नावाने नोंदली आहे. हे सबस्क्रिप्शन मी त्याआधी अमुक तारखेला रद्द केलं. रद्द झाल्याचा विक्रेत्याचा ईमेल जोडला आहे. परताव्यासाठी अमुक तारखेला विक्रेत्याला लिहिलं, उत्तर नाही. तो ईमेलही जोडला आहे. रक्कम परत मिळावी आणि पुढचे व्यवहार थांबवावेत.’ संपलं. यात विशेषण एकही नाही आणि नाकारण्यासारखंही काही नाही. पूर्ण कार्डक्रमांक मात्र कुठल्याही ईमेलमध्ये लिहू नका. तक्रार क्रमांक घेतल्याशिवाय फोन ठेवू नका, आणि फोनवर बोललेलं त्याच दिवशी ईमेलने पुन्हा कळवा. बँकेने दाद दिलीच नाही, तर ३० दिवसांनंतर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येतं. तिथे हा कागदच कामाला येतो.

क्रेडिट कार्ड असेल तर वादातली रक्कम सोडून बाकीचं बिल वेळेवर भरा. सगळंच रोखून धरलं तर व्याज लागतं आणि भांडणाचा विषयच बदलतो. डेबिट कार्डाची गोष्ट जास्त अवघड, कारण तिथे पैसे आधीच गेलेले असतात. म्हणून अनोळखी ऑनलाइन दुकानात डेबिट कार्ड देऊ नये, हे माझं मत मी कोणी विचारलं नाही तरी सांगते.

तक्रार नोंदवल्यावर खात्यात रक्कम दिसली की लोक पेढे वाटायला निघतात. ती बहुधा तात्पुरती असते. विक्रेत्याला पुरावे देण्याची संधी मिळते, त्याचं म्हणणं टिकलं तर रक्कम पुन्हा वजा होते. निकाल लागल्याचं लेखी येईपर्यंत ते पैसे आपले धरू नयेत. मधल्या काळात विक्रेत्याला उपरती होऊन त्यानेही रिफंड टाकला, तर बँकेला लगेच कळवा. एकाच व्यवहाराचे दोनदा पैसे पचत नाहीत, हिशेब जुळवताना ते निघतातच. उलटही होतं. विक्रेता म्हणतो रिफंड केला, खात्यात काही दिसत नाही. अशा वेळी त्याच्याकडे एआरएन मागा. हा २३ आकडी संदर्भ क्रमांक असतो. तो दिला की तुमची बँक पैसे नेमके कुठे अडकलेत ते शोधू शकते. ‘हो हो, केलाय’ म्हणणारा विक्रेता हा क्रमांक देऊ शकला नाही, तर त्याने रिफंड केलेला नाही असं खुशाल समजा.

शेवटी भाच्याचा प्रश्न, कारण तो हल्ली सगळ्यांनाच पडतो. “मावशी, जुनं कार्ड बंद करून नवं घेतलं, नंबर बदलला, तरी त्या ॲपने पैसे कापलेच! हे कसं?” यात भुताटकी नाही. नेटवर्कांची एक सेवा आहे, व्हिसा तिला अकाउंट अपडेटर म्हणतं, मास्टरकार्ड ऑटोमॅटिक बिलिंग अपडेटर. कार्ड बदललं की ज्या विक्रेत्यांकडे जुना नंबर साठवलेला आहे त्यांना या सेवेतून नवा कळू शकतो, म्हणजे विम्याचा हप्ता चुकू नये ही चांगली गोष्ट आणि नको असलेलं सबस्क्रिप्शनही मागोमाग येतं ही वाईट. कार्ड बदलणं म्हणजे सबस्क्रिप्शन रद्द करणं नव्हे. विक्रेत्याकडे जाऊन रद्द करायचं, त्याचा ईमेल ठेवायचा, फोनच्या ॲप स्टोअरमधली सबस्क्रिप्शनची यादी बघायची, आणि बँकेला ‘या विक्रेत्याला दिलेली परवानगी काढून घेत आहे’ असं लिहून द्यायचं. बऱ्याच बँकांच्या ॲपमध्ये आता चालू ऑटोपेंची यादी असते, तिथून एका बटणात ते बंद होतं. भाच्याच्या यादीत त्या ॲपखेरीज आणखी दोन निघाली. त्यातलं एक कशाचं आहे हे त्याला अजून आठवलेलं नाही. मी त्याला ५९६८ आहे का ते विचारायला सांगितलंय.